वहीत सात, पडद्यावर चार

माझ्या बहिणीच्या नवऱ्यानं माझे किमान चार जीव चोरले आहेत. 'किमान' हा शब्द मी मुद्दाम वापरतो. तीस वर्षं मी नुसतं 'चार' म्हणत होतो. तो आकडा कमी होता, हे मला अगदी अलीकडे कळलं.

चोरी झाली तेव्हा तो माझ्या बहिणीचा नवरा नव्हता. माझ्या आत्याचा मुलगा होता, यवतचा, माझ्याहून एका वर्षानं मोठा. उन्हाळ्याच्या सुट्टीत तो शिरूरला आमच्याकडे, म्हणजे त्याच्या मामाकडे यायचा. सातवीला माझा पहिला नंबर आला म्हणून माझ्या वडिलांनी, आबांनी, मला टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम आणून दिला होता. वरच्या खाचेत कॅसेट खोचायची, चालली नाही तर फुंकर मारून परत खोचायची. दोन शिपाई बंदुका घेऊन पळतात, तो गेम आम्हा दोघांचा आवडता. एक शिपाई त्याचा, एक माझा. प्रत्येकाला सुरुवातीला तीन जीव, पुढे गुण मिळतील तसे जास्तीचे. किती जीव शिल्लक आहेत ते वरच्या कोपऱ्यात बिल्ल्यांनी दिसायचं.

त्या गेममध्ये एक खोड होती. तुमचे सगळे जीव संपले आणि तुम्ही बटण दाबलं, तर जोडीदाराच्या शिलकीतला एक जीव तुम्हाला मिळायचा. जोडीदाराला विचारायची गरज नव्हती.

सुट्टीतला शेवटचा रविवार होता. आळीतली पंधरा-वीस माणसं आमच्या पडवीत टीव्हीपुढे बसलेली. आम्ही प्रथमच शेवटच्या टप्प्यावर पोचलो होतो. त्याचे जीव केव्हाच संपले होते, माझे चार बिल्ले दिसत होते. मी मरत नव्हतो, तरी बिल्ले कमी व्हायला लागले. चार, तीन, दोन. माझ्या लक्षात येईपर्यंत कोपरा रिकामा झाला, आणि शेवटच्या भिंतीपाशी माझा शिपाई पडला तेव्हा परत उठायला काहीच उरलं नव्हतं. त्याचा शिपाई माझ्या जीवावर उभा होता. त्यानं भिंत फोडली, गेम संपवला आणि उठून नाचला, "म्या जिकलो, ह्यो मेला!" लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं.

मी आबांकडे गेलो. रडत नव्हतो, आकडे सांगत होतो. आबांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "भाचा हाय त्यो. आपल्या घरी आलाय. न्हेले तर न्हेले."

भाच्याचा मान काय असतो ते आमच्याकडे सांगावं लागत नाही. तरी एवढ्यावर थांबलं असतं तर मी विसरलो असतो. पण पुढे अकरा वर्षांनी, मामाची मुलगी करायच्या रिवाजाप्रमाणे, त्याचं माझ्या बहिणीशी लग्न झालं. काल ज्याला मी 'अरे' म्हणत होतो त्याला मांडवात 'अहो दाजी' म्हणावं लागलं. भाच्याचा मान होताच, त्यावर जावयाचा चढला. आणि तो त्या मानाच्या पाटावर बसून प्रत्येक लग्नात, बारशात, जागरण-गोंधळात तीच गोष्ट सांगायचा. "आमचं मेव्हणं भितीपाशी मेलं. मंग म्या एकट्यानं भित फोडली." ऐकणारे हसायचे, मी पाण्याचा तांब्या घेऊन उभा असायचो. एकदा तर नात्यातल्या एका माणसानं माझी ओळखच करून दिली, "हे भितीपाशी मेलेले."

मी रांजणगावच्या एका कारखान्यात तपासणीचं काम करतो. वेल्डिंग केलेले नग मोजायचे, मापायचे, लिहायचे. चोवीस वर्षं झाली. माझ्या मुलीनं पुण्यात नोकरी लागल्यावर घरात नवीन गेमचं मशीन आणलं, स्वतःसाठी. शनिवार-रविवार ती येणार तेव्हा खेळणार. एका रविवारी ती काहीतरी शोधत होती आणि टीव्हीतून ते संगीत आलं. मी स्वयंपाकघरात लसूण सोलत होतो. हातातली पाकळी तशीच राहिली.

"जुन्या गेमचा संच आहे, पप्पा. फुकट मिळाला मशीनबरोबर. माहितीये का तुम्हाला हा?"

"माहितीये," मी म्हणालो.

त्या दिवसापासून मी सरावाला बसलो. माझी सेकंड शिफ्ट असली की सकाळी नऊ ते अकरा. बायको भाकरी थापता थापता वाकून बघायची.

"वहीत काय लिहिताय येवढं? प्रमोशन लागणारे का त्यात?"

"मी कुठं मेलो ते लिहितोय."

"चांगलंय. सकाळच्या पारी मरणाच्या गोष्टी."

पहिला आठवडा वाईट गेला. दुसऱ्या टप्प्यातल्या एकाच खड्ड्यात मी अकरा वेळा पडलो. उडी वेळेवर मारत होतो, पण शिपाई उशिरा उडत होता. वय झालं असं म्हणून सोडून देता आलं असतं. मी मुलीला फोन केला. तिनं सांगितलं, नवे टीव्ही चित्र सुधारत बसतात, त्यात वेळ जातो. टीव्हीच्या सेटिंगमध्ये 'गेम मोड' आहे, तो चालू करा. केला. उडी बोटाखाली आली.

तरी काहीतरी वेगळं होतं. सगळं घाईनं चाललं होतं. संगीतही चढ्या पट्टीत वाटायचं. माझा जुना संच माळ्यावर होता आणि आबांच्या खोलीत त्यांचा डबा टीव्ही अजून चालतो. मी तो संच खाली काढला, पुसला, जोडला. मोबाइलवर वेळ लावून मोजलं. पहिल्या टप्प्याचं जे संगीत जुन्या संचावर बहात्तर सेकंदांत एक फेरी पुरी करायचं, ते नव्या मशीनवर साठ सेकंदांत करत होतं. तीनदा मोजलं, तीनदा तेवढंच. मुलगी म्हणाली, आपल्याकडचे जुने संच सेकंदाला पन्नास चित्रं दाखवायचे, हे साठ दाखवतं. म्हणजे लहानपणी आम्ही जे शिकलो, ते सगळं संथ गतीचं होतं. माझ्या बोटांना नवी गती शिकायला दीड महिना लागला. दाजींच्या बोटांना ती माहीत नव्हती. ही गोष्ट मी वहीत लिहिली आणि तिच्याखाली रेघ मारली.

नव्या मशीनमध्ये आणखी एक सोय आहे. मेलात तर एक बटण दाबून धरायचं, खेळ उलटा फिरतो, तुम्ही मरायच्या आधीच्या जागी येता. सरावात मी ती एकदाही वापरली नाही. मागं घेतलेलं मरण मी मोजत नाही, आणि न मोजलेलं जिंकणंही मला नको.

मग एक दिवस वहीतला हिशेब जुळेना. वहीप्रमाणे माझे सहा जीव शिल्लक होते, पडद्यावर बिल्ले चार. पुढे मी एकदा मेलो, बिल्ले चारच. परत मेलो, तरी चार. तिसऱ्यांदा मेल्यावर तीन झाले. दोन दिवस मी हेच तपासलं. त्या कोपऱ्यात चार बिल्ल्यांपुरतीच जागा आहे. शिल्लक दहा असली तरी चारच दिसतात.

मी ते मशीन बंद केलं. त्या रविवारी माझे चार बिल्ले दिसत होते. म्हणजे जीव चार तरी होते. पाच असतील, आठ असतील. बिल्ले कमी व्हायला लागायच्या आधीच त्यानं किती नेले असतील, ते आता कुठल्याच रीतीनं सिद्ध होणार नाही. मी तीस वर्षं त्याच्या गुन्ह्याचा आकडा कमी सांगत होतो, आणि तेवढ्यावरसुद्धा कुणी विश्वास ठेवला नव्हता.

अधिक महिना लागला. आमच्यात अधिकात लेक-जावयाला धोंड्याच्या जेवणाला बोलावतात. जावयाला पाटावर बसवून ओवाळायचं, पोशाख द्यायचा, पुरणाचे धोंडे खाऊ घालायचे आणि जाताना तेहतीस अनारसे द्यायचे. आई गेल्यापासून हे सगळं माझी बायको करते. मी फोन केला, "दाजी, रविवारी या. आबा वाट बघतायत." एक शब्द खोटा नव्हता.

ते आले. पाय धुतले, टोपी घातली, ओवाळलं. मी स्वतः वाढलं. दाजींनी सहा धोंडे खाल्ले, तुपाची धार दोनदा घेतली. जेवण झाल्यावर मुलीनं, मी सांगितल्याप्रमाणे, टीव्ही लावला. संगीत सुरू झालं तसे दाजी लोडावरून उठून बसले.

"आरं तिच्या! ह्यो तर आपला गेम!"

"खेळायचा?" मी म्हणालो.

"मेव्हणं, परत मराल भितीपाशी."

"बघू."

आबा पंच्याऐंशीचे आहेत. त्यांची खुर्ची मी पडद्यासमोर ओढून दिली. बहीण पदराला हात पुसत उंबऱ्यात येऊन बसली. बायको तिच्या मागं.

दाजींचा पहिला जीव पहिल्या मिनिटात गेला. "मशीन पळतंय राव हे," ते म्हणाले. "आपला तवाचा गेम असा पळत नव्हता." का पळतंय ते मला माहीत होतं. मी सांगितलं नाही. त्यांनी विचारलं असतं तर सांगितलं असतं. त्यांनी विचारलं नाही. त्यांच्या उड्या सगळ्या उशिरा पडत होत्या. चौथ्या टप्प्याच्या सुरुवातीला, तुटक्या पुलावर, त्यांचा शेवटचा जीव गेला.

मी पडद्याकडे बघत नव्हतो. त्यांच्या अंगठ्याकडे बघत होतो. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही, विचारलं नाही. अंगठा आपसूक बटणावर गेला आणि त्यांचा शिपाई वरून टपकला.

मी खेळ थांबवला.

"आबा, बघा. आता ह्यांनी माझा जीव नेला. ह्यांचे संपले होते. त्या दिवशीबी असंच केलं."

"कशाचा जीव?" दाजी म्हणाले. "तुमचं बिल्लं मोजा की. चार व्हते, चार हायेत."

मुलीनं खेळ मागं फिरवला. दाजी यायच्या आधी माझे बिल्ले चार. पुढे नेला. दाजी आल्यानंतर माझे बिल्ले चार.

आबा पुढे वाकून बघत होते. "चार हायेत की रं तुझे. काय न्हेलं त्यानं?"

"आबा, तिथं चारच दिसतात. खेळतोय तो धरून माझे सात होते, आता सहा आहेत. हे बघा, वहीत लिहिलंय." मी वही दाखवली. हे करायला नको होतं.

"घ्या!" दाजींनी मांडीवर थाप मारली. "वहीत सात, पडद्यावर चार! मामा, ह्यांच्या कंपनीत बी असंच मोजत्यात काय? आवं मेव्हणं, त्यो जीव गेमच देतोय. फुकाट. तुमचं कमी झालं असतं तर दिसलं नसतं व्हय?"

सगळे हसले. बहीणसुद्धा. दाजींच्या तोंडाकडे पाहून मला कळलं की ते खोटं बोलत नव्हते. त्या वेळीही पहिले काही जीव नेताना माझे बिल्ले हलले नसणार, आणि त्यांनी ठरवून टाकलं असणार की फुकट आहे. पुढे बिल्ले हलले तेव्हा त्यांनी पाहिलंच नाही. माझा राग यानं कमी झाला असं मी लिहिलं तर ते खोटं होईल. उलट वाढला. चोराला निदान चोरी केल्याचं माहीत असतं.

आमच्या कारखान्यात वेल्डिंग वरून कितीही चांगलं दिसलं तरी खात्री धरत नाहीत. दर शिफ्टला एक नग घ्यायचा आणि तोडायचा. तुटल्यावरच आतलं कळतं. मी मुलीला म्हणालो, "दाजी यायच्या आधीची जागा एक नंबरला ठेव. आल्यानंतरची दोन नंबरला." या मशीनमध्ये खेळ कुठल्याही क्षणी असा राखून ठेवता येतो.

"पप्पा, काय करताय?"

"तोडून बघतोय."

एक नंबर लावला. "दाजी, बटणावरचा हात काढा." त्यांनी हसत दोन्ही हात वर केले. मी माझा शिपाई पुलाच्या भगदाडात घातला.

"आबा, मोजा. एक."

शिपाई परत वर आला. परत घातला. "दोन." बिल्ले चारच. "आता बघा. तीन." तीन बिल्ले राहिले.

आबांनी बोटाच्या पेरांवर अंगठा ठेवला होता. चौथ्याला ते स्वतःच बोलले. "चार." बिल्ले दोन. "पाच." एक. "सहा." कोपरा रिकामा झाला, शिपाई अजून एकदा आला, आणि मी त्यालाही घातला. "सात." खेळ संपला.

कुणी हसत नव्हतं.

"आता दोन नंबर," मी म्हणालो. "दाजी आल्यानंतरचा. परत मोजा."

या वेळी आबांच्या बरोबर बहीणही मोजायला लागली. एक. दोन. तीन. चार. पाच. सहा. माझा शिपाई परत आला नाही. मी कंट्रोलर मांडीवर ठेवला. पुलावर दाजींचा शिपाई एकटा उभा राहिला.

"आता सहा," मी म्हणालो. "आधी सात. एक कुठं गेला?"

आबा पेरांकडे बघत होते. अंगठा सहाव्या पेरावर होता. त्यांनी तो सातव्यावर नेला, परत सहाव्यावर आणला.

"न्हेला," ते म्हणाले. "न्हेला व्हय एक."

"मामा, पण बिल्लं—"

"पावणं, बिल्ल्याचं सोडा. म्या मोजले."

दाजी पडद्याकडे वळले, कारण खेळ चालूच होता आणि त्यांच्यावर गोळ्या येत होत्या. त्यांनी एक उडी मारली, ती उशिरा पडली. शिपाई मेला. त्यांचा अंगठा बटणावर गेला. दाबलं, परत दाबलं. घ्यायला माझ्याकडे काही उरलेलं नव्हतं. सगळं मी आधीच खड्ड्यात घातलं होतं. खेळ संपल्याची अक्षरं आली आणि त्या अक्षरांसमोर, माझ्या बापासमोर, त्यांच्या बायकोसमोर ते अंगठा दाबत राहिले. ते मी डोळे भरून बघितलं. तीस वर्षं मी याचीच वाट बघत होतो, हे मला ते घडताना कळलं.

"भिंत लांबच राह्यली की ओ," बहीण म्हणाली.

चहा झाला. दाजी जरा गप्प होते, पण गप्प बसूनही मान सुटत नाही. निघायच्या वेळी बायकोनं अनारसे स्टीलच्या डब्यात भरले, मोजून तेहतीस. वर दिवा ठेवायची तयारी करायला ती देव्हाऱ्याकडे गेली. मी डबा उघडला, वरचा एक काढून शर्टाच्या खिशात ठेवला, झाकण घट्ट लावलं. चोवीस वर्षांत मी एकही नग चुकीचा मोजून पुढे पाठवलेला नाही. हा पाठवला.

ती दोघं यवतला निघून गेल्यावर मी अंगणात उभं राहून तो अनारसा खाल्ला. खसखस चांगली लागली होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी बहिणीचा फोन आला. तिलाही मोजायची सवय आहे, एकाच बापाची आम्ही.

"दादा, अनारसं बत्तीसच निघाले."

"नीट मोजलेस?"

"दोनदा. वहिनीनं कमी घातले का?"

"तिनं तेहतीस घातले. तिला बोल लावू नको. एक मी नेला."

मागून दाजींचा आवाज येत होता, काय म्हणतोय, काय म्हणतोय. मग ती म्हणाली, "अधिकातलं वाण असतंय ते. आबांना दे फोन."

मी आबांना फोन दिला. त्यांनी कानाला लावून सगळं ऐकून घेतलं, तसंच, जसं त्या रविवारी माझं ऐकून घेतलं होतं. खिशावरचा तेलाचा डाग अजून गेला नव्हता, तिकडे त्यांनी एकदा पाहिलं.

"भाऊ हाय त्यो तुझा," आबा म्हणाले. "न्हेला तर न्हेला."

फोन माझ्याकडे देऊन ते परत आडवे झाले. मी वही काढली. किमान चारांतला एक आला. तीन राहिले. अधिक महिना तीन वर्षांनी येतोच.